‘फिर झारा मुतर्जम’ म्हणजे कुठला सिनेमा?

(रत्नागिरीत तरुण-तरुणींसमोर केलेल्या भाषणाचा मजकूर)



समजा, घरच्या फोनवर कुणीतरी इंग्रजी अक्षरांत शोधलं आहे : ‘फिल्म फिर झारा मुतर्जम’. तुम्ही काय अर्थ लावाल? ‘फिर ज़रा’ म्हणजे हिंदीतलं ‘पुन्हा थोडंसं’, आणि पुढे काहीतरी अरबी. असा सिनेमा नाही, म्हणून तुम्ही सोडून द्याल. पण हा सिनेमा तुमच्यापैकी बहुतेकांना ठाऊक आहे. २००४ सालचा ‘वीर-झारा’! इंग्रजी ‘व्ही’साठी अरबी लिपीत अक्षर नाही. तिथे ‘फ’ लिहितात. ‘मुतर्जम’ म्हणजे भाषांतर केलेला, पडद्यावर खाली अरबी ओळी येणारा. आपल्या जुन्या मराठीतला ‘तरजुमा’ याच शब्दाचा भाऊ.

कोकणातल्या आपल्या कितीतरी घरांतलं कुणी ना कुणी कुवेत, कतार, सौदीत राहून आलं आहे. तिथून इकामा, कफील, बकाला, खुरूज हे शब्द घरात आले. ते कानाने शिकलेले आहेत, पुस्तकातून नाही. त्यामुळे चाचा किंवा मामा फोनवर लिहितात तेही कानाने. स्पेलिंग चुकतं आणि घरातली पोरं हसतात. मला वाटतं, हसण्याआधी ती ओळ मोठ्याने वाचावी. माणसाने काय ऐकलं होतं, ते त्या ओळीत असतं.

वाचायची रीत सोपी आहे. आधी कामाचे शब्द बाजूला काढा. ‘अफलाम’ हे फिल्मचं अनेकवचन. ‘कामिल’ म्हणजे पूर्ण. ‘मुदब्लज’ म्हणजे डब केलेला. ‘मुसलसल’ म्हणजे मालिका. आपला ‘सिलसिला’ त्याच धातूतून आला. ‘हल्का’ म्हणजे मालिकेचा भाग. उरलं ते बहुधा नाव. त्यात अक्षरं बदलून पाहा : ‘ब’च्या जागी ‘प’, ‘फ’च्या जागी ‘व’, ‘त्श’च्या जागी ‘च’. ‘अमिताब बातशान’ कोण, हे मग सांगावं लागत नाही. मध्येच आकडे दिसले तर ते गणित समजू नका. अरबी तरुण फोनवर ‘ऐन’ या अक्षरासाठी इंग्रजी तीन लिहितात आणि घशातून येणाऱ्या ‘ह’साठी सात, कारण ते आकडे त्या अक्षरांसारखे दिसतात.

एवढं करूनही नाव एकच आणि अर्थ अनेक, असं होतं. ‘रिसाला’ घ्या. मराठी इतिहासात रिसाला म्हणजे घोडदळाची तुकडी. उर्दूत रिसाला म्हणजे नियतकालिक. ‘अर्-रिसाला’ हा इमाम शाफई यांचा ग्रंथ. आणि ‘अर्-रिसाला’ हा मुस्तफा अक्काद यांचा १९७६ सालचा सिनेमाही, इंग्रजीत ‘द मेसेज’. अक्काद यांनी तो दोनदा चित्रित केला. इंग्रजीत हमजांच्या भूमिकेत अँथनी क्विन आहेत, अरबीत अब्दुल्ला गैस. मग शोधणाऱ्याला काय हवं आहे? शेजारी ‘फिल्म’, साल किंवा नटाचं नाव असेल तर कळेल. नसेल तर त्यालाच विचारायचं. अंदाजाने उत्तर दिलं, की इमामांचा ग्रंथ शोधणाऱ्यापुढे सिनेमा येतो.

हे शिकून काय मिळणार, असं कुणी विचारेल. मल्याळम सिनेमा ‘आडुजीवितम्’ २०२४ मध्ये आला. बेन्यामिन यांच्या कादंबरीवरचा. नोकरीसाठी सौदीला गेलेल्या नजीबला विमानतळावरून एक माणूस कफील असल्याचं भासवून नेतो आणि वाळवंटात शेळ्या राखायला ठेवतो. त्याच वर्षी तो नेटफ्लिक्सवर आल्यावर अरब समाजमाध्यमांत मोठा वाद झाला. सिनेमा एकतर्फी आहे, बदनामी करणारा आहे, असं म्हणणारे होते. कफील पद्धतीवर बोललंच पाहिजे, असं म्हणणारेही होते. ही चर्चा ‘हयात अल-माइझ’ या अरबी नावाखाली झाली. ‘हयात’ म्हणजे आयुष्य, ‘माइझ’ म्हणजे शेळ्या. इंग्रजी अक्षरांत ‘माइझ’ लिहा, शोधयंत्र मका समजायची शक्यता आहे! ‘माइझ’मधल्या ‘ऐन’साठी तीनचा आकडा वापरा किंवा सरळ अरबी लिपीत लिहा, म्हणजे ती चर्चा सापडेल. उद्या तुमच्यातला कुणी त्याच विमानतळावर उतरणार आहे. कफिलाबद्दल तिथले लोक आपसांत काय बोलतात, हे त्याला आधी कळलेलं बरं.

आणखी एक गोष्ट. अरबी अक्षरं दिसली की आपल्याकडे काहीजण लगेच अदबीने मान झुकवतात, आणि काहीजण लगेच संशय घेतात. दोघेही वाचत नाहीत. फेब्रुवारी २०२४ मध्ये लाहोरच्या बाजारात एका बाईला जमावाने घेरलं. तिच्या कपड्यांवरची अरबी अक्षरं कुराणातल्या आयती आहेत, असा लोकांचा समज झाला होता. तिथे लिहिलेला शब्द होता ‘हलवा’. अरबीत त्याचा अर्थ गोड, सुंदर. एका महिला पोलीस अधिकाऱ्याने तिला सुखरूप बाहेर काढलं. जमावातल्या कुणी तो एक शब्द नीट वाचला असता, तर ही वेळ आलीच नसती.

अरबीत नमाज आहे, तसं भाजीचं बिल आहे, भांडण आहे, सिनेमाही आहे. कुणाच्या फोनवर न कळणारा अरबी शब्द दिसला तर तो आधी वाचा, मग ज्याने लिहिला त्याला अर्थ विचारा. मत त्यानंतर बनवा. चाचांना ‘वीर-झारा’ लावून द्यायला एवढं पुरेसं आहे, आणि लाहोरच्या त्या बाजारातही एवढंच पुरेसं झालं असतं.