दयेचा कायदा प्रथम कोणावर?

(परळ येथे वर्षावासानिमित्त उपासक-उपासिकांपुढे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आज आपण ज्या परळ भागात जमलो आहोत, त्याच परळमध्ये जनावरांचे एक जुने रुग्णालय आहे. बाई साकरबाई दिनशा पेटिट यांच्या नावाचे हे रुग्णालय १८८३ साली स्थापन झाले. त्याच्या भिंतीवरून गिरणगावातील माणसे पिढ्यान्‌पिढ्या कामावर गेली आणि भोंगा झाल्यावर परतली. मुक्या प्राण्यांसाठी दवाखाना काढावा ही बुद्धी या शहराला कोठून झाली? आणि त्या काळी ज्यांचे येथे राज्य होते, त्या इंग्रजांनी आपल्या स्वतःच्या देशात या बाबतीत काय केले? आजच्या व्याख्यानाचा विषय हाच आहे.

हा विषय मी आपणांपुढे का मांडतो, ते प्रथम सांगतो. आपण नव्याने धम्म स्वीकारलेली कुटुंबे आहात. प्राणिहत्येपासून अलिप्त राहण्याचे पहिले शील आपण घेतले आहे. बावीस प्रतिज्ञांपैकी तेराव्या प्रतिज्ञेने आपण प्राणिमात्रांवर दया करण्याचे वचन दिले आहे. पण गावची जत्रा आली की भाऊबंद विचारतात, यंदा बोकड का नाही? आणि शेजारी दुसऱ्या बाजूने विचारतात, तुम्ही मासळी खाता, मग तुमचे पहिले शील कोठे राहिले? या दोन प्रश्नांच्या मध्ये आपल्या घरातील माउली गोंधळून उभी राहते. तिला उत्तर हवे आहे. ते उत्तर शोधताना दुसऱ्या एका समाजाने हा प्रश्न कसा सोडविला, कोठे सोडविला नाही, हे पाहणे उपयोगाचे आहे.

इंग्लंडमध्ये दोनशे वर्षांपूर्वी खांबाला बैल बांधून त्याच्यावर कुत्री सोडण्याचा खेळ गावोगाव चाले. कोंबड्यांच्या झुंजी चालत. हे गरिबांचे खेळ. श्रीमंत जमीनदार घोड्यांवर बसून, शिकारी कुत्र्यांचा तांडा घेऊन खोकडाचा, सशाचा आणि हरणाचा पाठलाग करीत. हा श्रीमंतांचा खेळ. १८०० साली बैलावर कुत्री सोडण्यास बंदी घालणारे विधेयक पार्लमेंटात आले. तेव्हा विल्यम विंडम नावाच्या सभासदाने विरोध केला. त्याचा मुद्दा असा की, श्रीमंतांची शिकार चालू ठेवून गरिबांची करमणूक तेवढी बंद करणे हा कोठला न्याय? विंडमला बैलाची कणव नव्हती. पण त्याने दाखविलेली विसंगती खरी होती. पुढे १८०९ साली सिडनी स्मिथ या लेखकाने दुर्गुण-निर्मूलनासाठी निघालेल्या एका मंडळाची अशीच थट्टा केली. त्याच्या मते ते मंडळ फक्त वार्षिक पाचशे पौंडांहून कमी मिळकत असलेल्यांचे दुर्गुण दूर करण्यासाठी निघाले होते.

१८२२ साली रिचर्ड मार्टिन यांच्या प्रयत्नाने पहिला कायदा झाला. घोडे, गुरे, मेंढरे यांना निर्दयपणे मारहाण करणे त्याने गुन्हा ठरविले. दोन वर्षांनी, १८२४ साली, लंडनच्या एका कॉफीगृहात काही माणसे जमली आणि प्राणिक्लेश-निवारक मंडळी स्थापन झाली. जमलेल्यांत विल्बरफोर्स आणि बक्स्टन होते. गुलामगिरीविरुद्ध झगडणारी हीच माणसे. माणसाला विकणे जसे पाप, तसे मुक्या जीवाला छळणे हेही पाप, हे त्यांना एकाच वेळी कळले होते. ही गोष्ट आपण मनावर कोरून ठेवावी.

पण त्याच मंडळीची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. लुईस गॉम्पर्ट्झ नावाचे एक ज्यू गृहस्थ मंडळीचे चिटणीस होते. त्यांनी मंडळी कर्जातून सावरली. परंतु मंडळीने आपले कार्य ख्रिस्ती तत्त्वांवर आधारलेले आहे असा ठराव केला आणि ख्रिस्ती नसलेल्या गॉम्पर्ट्झना बाहेर पडावे लागले. प्राण्यांसाठी ज्यांचे दार उघडे होते, त्यांचे दार एका माणसाच्या धर्मामुळे बंद झाले! गॉम्पर्ट्झ खचले नाहीत. त्यांनी वेगळी संस्था काढून काम चालू ठेवले.

हे ऐकून आपणांस महाडची आठवण झाली असेल. २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी चवदार तळ्याचे पाणी प्राशन केले. त्या तळ्यावर गुरेढोरे पाणी पीत होती. माणसाला मात्र बंदी होती. गुरांना पाणी मिळत होते याचे आपणांस दुःख नव्हते, आजही नाही. दुःख याचे की, ज्याला तहानलेली गाय दिसली त्याला तहानलेला माणूस दिसला नाही. समतेवाचून दया ही अर्धी दया होय.

आता पुन्हा कायद्याकडे वळू. १८३५ साली बैलावर कुत्री सोडणे आणि कोंबड्यांच्या झुंजी लावणे यांवर इंग्लंडमध्ये बंदी आली. गरिबांचे खेळ बंद झाले. श्रीमंतांची घोडदौड तशीच राहिली. १९११ साली प्राणिसंरक्षणाचा मोठा कायदा झाला, तरी रानातील जनावराच्या शिकारीला त्यातून सूट देण्यात आली. गाडीवाल्याने घोड्याला फटके मारले तर शिक्षा. आणि सरदाराने हरिण दमवून दमवून कुत्र्यांच्या तोंडी दिले तर तो मर्दानी खेळ!

या अन्यायाविरुद्ध उभा राहिला हेन्री सॉल्ट. त्याचा जन्म १८५१ सालचा, आपल्याच देशात नैनिताल येथे झालेला. इंग्लंडमधील ईटन या सरदारपुत्रांच्या शाळेत तो शिक्षक होता. ती नोकरी सोडून तो साधेपणाने राहू लागला. १८९१ साली त्याने मानवतावादी संघ स्थापन केला आणि १८९२ साली प्राण्यांच्या हक्कांवर ग्रंथ लिहिला. त्याने ‘दया’ म्हटले नाही, ‘हक्क’ म्हटले. हा संघ तुरुंगातील फटक्यांविरुद्ध लढला, फाशीविरुद्ध लढला आणि शिकारीविरुद्धही लढला. राजघराण्याची एक हरणांची शिकार होती. पाळलेले हरिण गाडीत घालून न्यायचे, मोकळे सोडायचे आणि मागे कुत्री लावायची. संघाने वर्षानुवर्षे टीका केली आणि १९०१ साली ही राजशिकार बंद झाली. पुढे जुनी मंडळी शिकारीबाबत गप्प राहते असे पाहून १९२४ साली क्रूर खेळांविरुद्ध स्वतंत्र संघ निघाला. १९४९ साली पार्लमेंटात केलेला प्रयत्न फसला. अखेर २००४ साली इंग्लंड आणि वेल्समध्ये कुत्र्यांकरवी रानटी सस्तन प्राण्यांची शिकार करण्यावर बंदी घालणारा कायदा झाला आणि १८ फेब्रुवारी २००५ पासून तो अमलात आला.

१८२२ ते २००४! गाडीवाल्याच्या चाबकापासून सरदाराच्या कुत्र्यांपर्यंत पोहोचण्यास कायद्याला १८२ वर्षे लागली.

मुंबईत काय घडले? १८३२ च्या जूनमध्ये कंपनी सरकारचे शिपाई बक्षिसाच्या आशेने रस्त्यावरची कुत्री मारीत सुटले, तेव्हा पारशी मंडळींच्या पुढाकाराने शहरात मोठा दंगा झाला. १८३४ साली भुलेश्वरला पांजरपोळ निघाले. १८७४ साली मुंबईची प्राणिक्लेश-निवारक मंडळी स्थापन झाली आणि १८९० साली साऱ्या हिंदुस्थानासाठी कायदा आला. या कार्याने असंख्य बैल-घोड्यांचे हाल वाचले, हे कृतज्ञतेने मान्य केले पाहिजे. पण येथेही कायद्याचा बडगा बसला तो मुख्यतः गाडी हाकणाऱ्यावर. साहेब आणि संस्थानिक यांचे वाघ मारणे, घोड्यावरून भाल्याने डुक्कर भोसकणे, उटकमंडला खोकडाऐवजी कोल्ह्यामागे इंग्रजी कुत्री लावणे हे सारे निर्वेध चालले. १८७८ च्या जंगल कायद्याने ज्या रानकरी माणसाचे रान राखीव झाले, तोच पोटासाठी ससा मारून चोर ठरला. आणि साहेबाच्या शिकारीसाठी रान उठवायला, हाकारे घालायला बोलावले कोणाला? गावच्या गरिबांनाच. वेठ म्हणजे काय, हे आपल्या वाडवडिलांना कोणी शिकवावे लागले नाही.

तरी माणूस बदलू शकतो. १५ सप्टेंबर १८८३ रोजी आठ जणांनी मुंबईत नॅचरल हिस्टरी सोसायटी स्थापन केली. त्यांत डॉ. आत्माराम पांडुरंग आणि डॉ. सखाराम अर्जुन हे दोन मराठी डॉक्टर होते. तिच्या सभासदांत शिकाऱ्यांचा भरणा होता. गिरगावातील खेतवाडीत वाढलेल्या एका मुलाने छर्‍याच्या बंदुकीने एक चिमणी पाडली. तिच्या गळ्यावर पिवळा ठिपका पाहून तो १९०८ साली ती घेऊन या सोसायटीत गेला. तोच मुलगा पुढे पक्षितज्ज्ञ सलीम अली झाला. अभ्यासासाठी त्यांनी पुढेही पक्षी मारले, हे खरे. पण पाखरांच्या रक्षणासाठी जन्मभर झटले, हेही तितकेच खरे. १९५१ साली मुंबई राज्यात वन्य प्राणी आणि पक्षी संरक्षणाचा कायदा झाला; १९६० साली प्राणिक्लेशाविरुद्ध आणि १९७२ साली वन्यजीव-रक्षणासाठी देशाचे कायदे झाले.

बंधूंनो, इंग्लंडचा राजा १९०१ साली ज्या शिकारीपासून दूर झाला, तिच्यापासून आपल्या भूमीतला एक राजा बावीस शतकांपूर्वी दूर झाला होता. त्याचा पुरावा मुंबईजवळ सोपाऱ्यास मिळाला. १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी यांना तेथे सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा सापडला. या लेखाचा आशय असा आहे की, पूर्वीचे राजे मौजेच्या यात्रा करीत आणि त्यांत शिकार चाले. अशोकाने राज्याभिषेकानंतर दहाव्या वर्षी संबोधीची यात्रा केली आणि तेव्हापासून धम्मयात्रा सुरू झाल्या. दुसऱ्या एका लेखात त्याने माणसांसाठी आणि जनावरांसाठीही औषधोपचाराची व्यवस्था केल्याचे सांगितले आहे. आणि पहिल्या लेखात तो प्रांजळपणे कबूल करतो की, आपल्या मुदपाकखान्यात अजून दोन मोर आणि एखादे हरिण मारले जाते, पुढे तेही मारले जाणार नाही. पाहा, या राजाने हिशेब कोणाचा मांडला? गाडीवाल्याचा नव्हे, कोळ्याचा नव्हे. स्वतःच्या स्वयंपाकघराचा आणि स्वतःच्या शिकारीचा. दयेचा कायदा त्याने प्रथम स्वतःवर लागू केला.

आता त्या माउलीच्या प्रश्नाकडे येतो. ‘भगवान बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात बाबासाहेबांनी मारण्याची गरज आणि मारण्याची इच्छा यांत भेद केला आहे. तथागतांची अहिंसा हे आंधळे बंधन नाही. ते विचारपूर्वक पाळावयाचे तत्त्व आहे. या कसोटीवर सारे घासून पाहा. घोड्यावरून कोल्ह्याचा पाठलाग करणाऱ्याला कोल्हा खायचा नव्हता. ती नुसती मारण्याची हौस. देवाच्या नावाने बोकड कापणाऱ्याला देवाच्या भुकेची खात्री नसते, ती रूढी. म्हणून जत्रेच्या बोकडाला आपले उत्तर ठाम ‘नाही’ असले पाहिजे. आणि ताटातील मासळीवरून माणसाची उच्चनीचता ठरवू पाहणाऱ्या शेजाऱ्याला शांतपणे सांगा की, गरज आणि हौस यांतला फरक आम्ही शिकत आहोत, गरज कमी करीत आहोत. पण अन्नावरून माणूस विटाळतो हे आम्हांस मान्य नाही.

आज घरी गेल्यावर मुलाच्या हातातील बेचकी काढून घ्या. पण रागावून नव्हे. त्याला जवळ बसवून पाखराचे नाव शिकवा. झुंज लावलेल्या कोंबड्यांच्या घोळक्यात उभे राहू नका. आणि कोणी दयेचा नवा कायदा, नवा नियम घेऊन आला, तर त्याला हात जोडून एकच प्रश्न विचारा: हा कायदा प्रथम कोणावर लागू होणार, चाबूक धरणाऱ्या गरिबावर की बंदूक धरणाऱ्या धनिकावर? दोघांवर सारखाच लागू होत असेल, तर त्याच्या बाजूने सर्वांच्या आधी आपण उभे राहू.

सर्व प्राणिमात्रांचे कल्याण होवो. जय भीम!