मातीची माणसे



राष्ट्राची आठवण कुणाच्या हाती असते, हा आजचा प्रश्न. त्यासाठी मी तुम्हाला कंबोडियात नेणार आहे, रिथी पान या माहितीपटकाराकडे.

१७ एप्रिल १९७५ रोजी ख्मेर रूज या कट्टर कम्युनिस्ट गटाच्या फौजा राजधानी नॉम पेन्हमध्ये शिरल्या आणि त्यांनी सगळे शहर रिकामे करायला लावले. शाळा बंद, बाजार बंद, पैसा रद्द, कपडे काळे. जुना देश पुसून नवा माणूस घडवायचा, हा त्यांचा हट्ट. जानेवारी १९७९मध्ये ती राजवट कोसळली, तोवर देशातला जवळजवळ दर चौथा माणूस उपासमारीने, आजाराने, अतिश्रमाने किंवा हत्येने गेला होता. शाळकरी वयाच्या रिथीचे आईवडीलही गेले. तो थायलंडच्या छावणीत पोहोचला, तिथून फ्रान्सला, आणि पॅरिसमध्ये चित्रपटकला शिकला.

या राजवटीकडे कॅमेरे होते, हे लक्षात घ्या. कामावर राबणाऱ्या माणसांच्या रांगा तिने चित्रित केल्या. एका शाळेचा ‘एस-२१’ हा तुरुंग केला आणि तिथल्या हजारो कैद्यांचे फोटो काढले. चित्रे भरपूर होती, पण ती सारी मारणाऱ्याच्या नजरेने घेतलेली. उपाशी मुलाने काय पाहिले, याचे एकही चित्र नव्हते.

२००३च्या माहितीपटात पान यांनी एस-२१मधल्या जुन्या पहारेकऱ्यांना त्याच खोल्यांत परत नेले. एक पहारेकरी रोजची गस्त करून दाखवतो. कुलूप काढतो, रिकाम्या फरशीवर ओरडतो, नसलेल्या कैद्याला पाणी देतो. सबबी तोंडाला सुचतात, हातापायांना सुचत नाहीत. कॅमेरा दाराशीच थांबतो. कैदी जिथे पडून असत, तिथे तो पाऊल टाकत नाही.

पण स्वतःच्या घराचे काय? ते चित्र कुठेच मिळेना. मग ‘द मिसिंग पिक्चर’ या २०१३च्या चित्रपटासाठी पान यांनी मातीची छोटी माणसे करवून घेतली, हाताने रंगवलेली. ती हलत नाहीत. कॅमेराच त्यांच्यामधून फिरतो. काळ्या कपड्यांच्या गर्दीत एका मुलाच्या अंगात रंगीत सदरा आहे. पांढऱ्या सुटातले वडील आहेत. त्यांनी जनावरासारखे जगायचे नाकारून अन्न सोडले होते. ज्या मातीत ही माणसे विनाखुणेची पुरली गेली, त्याच मातीतून मुलाने त्यांना उभे केले. याला मी नुसता प्रयोग म्हणणार नाही. हे श्राद्ध आहे.

राज्यकर्त्यांनी काढलेल्या चित्रांतून राष्ट्राची ओळख पुरी होत नाही. त्यांनी जे वगळले, ते शोधावे लागते, आणि सापडले नाही तर आपल्या हातांनी घडवावे लागते, असे माझे ठाम मत आहे.

२००६मध्ये पान यांनी नॉम पेन्हमध्ये एका सहकाऱ्यासह दृक्-श्राव्य संग्रह उभारला. देशाच्या जुन्या फिल्म आणि आवाज तिथे कंबोडियाच्या तरुणांसाठी खुले आहेत. त्या संग्रहाचे नाव ‘बोफाना’. नवऱ्याला प्रेमपत्रे लिहिली म्हणून एस-२१मध्ये छळून मारल्या गेलेल्या एका तरुणीचे ते नाव आहे.