हरण्याचा व्यवसाय

न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये ३१ मार्च १९८५ रोजी ‘रेसलमेनिया’ हा कुस्तीचा मोठा मेळावा प्रथमच भरला. त्यातील एका जोडीत साडेचारशे पौंडांहून अधिक वजनाचा म्हणून गाजविलेला किंगकाँग बंडी होता आणि त्याच्यासमोर एस. डी. जोन्स. (दारासिंगशी झुंजणारा आपल्या ऐकण्यातला किंगकाँग तो हा नव्हे, तो १९७० सालीच वारला.) घंटा झाली, बंडीने जोन्सला कोपऱ्यात चिरडले, त्याच्यावर अंग टाकले आणि सामना आटोपला. ध्वनिक्षेपकावरून वेळ पुकारण्यात आली : नऊ सेकंद! चित्रफीत लावून घड्याळ हाती धरले तर वीस सेकंदांहून अधिक काळ भरतो. जोन्सने जे काही थोडे सेकंद तग धरली होती, तेवढेसुद्धा त्याच्या नावावर जमा होऊ दिले नाहीत. हा जोन्स आणि त्याच्या जातकुळीचे मल्ल हाच आजच्या माझ्या बोलण्याचा विषय आहे.

अमेरिकेतील ह्या धंदेवाईक कुस्तीचा निकाल आधी ठरलेला असतो, हे आता गुपित राहिलेले नाही. १९८९ साली न्यू जर्सी राज्यात, क्रीडा-आयोगाची बंधने आणि कर ह्यांतून सुटका व्हावी म्हणून, धंद्यातील सर्वांत मोठ्या कंपनीने स्वतःच आपला खेळ करमणुकीचा असल्याचे कबूल केले. आपल्याकडे अशा लढतीला ‘नुरा कुस्ती’ म्हणून नाक मुरडण्याची रीत आहे. नुरा कुस्तीत प्रेक्षकाची फसवणूक असते, म्हणून ती निंद्य खरीच. परंतु जेथे प्रेक्षक जाणूनबुजून तिकीट काढतो, तेथे हा शब्द लावावा की नाही, ह्याचा थोडा विचार करावयास हवा.

मुळात ही कुस्ती खरीच होती. १० सप्टेंबर १९१० रोजी लंडनमध्ये आपला गामा पोलंडच्या झिबिस्कोशी लढला. गामाने त्यास आरंभीच खाली घेतले. मग झिबिस्को जो पालथा पडून राहिला, तो अडीच तासांवर कुस्ती चालली तरी बहुतेक वेळ तसाच. शेवटी ती बरोबरीत सोडवावी लागली. १९१६ साली अमेरिकेतील ओमाहा शहरी जो स्टेचर आणि एड ‘स्ट्रँगलर’ लुईस ह्यांची झोंबी सुमारे पाच तास चालली आणि तीही अनिर्णित राहिली. जाणत्या माणसाला असल्या कुस्तीत रस वाटेल. पण तिकीट काढून आलेला सामान्य माणूस जांभया देऊ लागतो. पुढे १९२० नंतरच्या दशकात ह्याच लुईसने बिली सँडो व टूट्स माँट ह्या दोघांच्या साहाय्याने वेळेची मर्यादा, उडवाउडवी, पकडापकडी असा नवा खेळ बसविला आणि ठरलेल्या निकालाचा कारभार पक्का झाला. गल्ल्याने कुस्तीला गिळले, असे म्हटल्यास चूक होणार नाही.

एकदा निकाल ठरला, की जिंकणाऱ्याइतकीच हरणाऱ्याची गरज पडते, किंबहुना अधिकच. जोन्सचा जन्म १९४५ सालचा, कॅरिबियन समुद्रातील अँटिग्वा बेटावरचा. ‘स्पेशल डिलिव्हरी’ हे त्याचे रंगनाव. त्याच्या कंपनीचे दूरचित्रवाणीवरील सामने म्हणजे एक प्रकारची जाहिरातच असे. नवा राक्षस आला की त्याने पडद्यावर जोन्सला आपटावयाचे; ते पाहून लोकांनी पुढच्या महिन्यात आपल्या गावच्या सभागृहाचे तिकीट घ्यावयाचे. म्हणून जोन्स अगदीच मातीमोल ठरून चालत नसे. दुबळ्याला पाडण्यात कसली मर्दुमकी? त्यामुळे अधूनमधून त्याला लहानसहान विजय देत, लोकांची टाळी मिळवून देत, आणि मग मोठ्या मल्लापुढे उभा करीत. मुलांच्या खेळण्यांत त्याची रबरी बाहुलीही विकली गेली.

आता ह्या हरण्यात कसब ते कोणते? आखाडा पोलादी चौकटीवर फळ्या, त्यांवर पातळ गादी आणि वर ताणलेले कापड असा असतो. आपल्या तांबड्या मातीची माया तेथे नाही. पडताना हनुवटी छातीला लावावी, श्वास सोडावा, हात पसरून आपटावेत आणि सारी पाठ एकदम टेकवावी, म्हणजे धक्का एका ठिकाणी न बसता अंगभर वाटला जातो. हे तंत्र दुखणे कमी करते, नाहीसे करीत नाही. उंच उचलला जाणारा मल्ल स्वतः थोडी उडी घेतो तेव्हाच उचलणाऱ्याचे बळ लोकांना दिसते. समोरचा नवखा असेल, तर पुढे काय करावयाचे ते अनुभवी मल्लच पकडीत असताना त्याच्या कानात सांगतो. म्हणजे सामना चालवितो तो पराभूत, आणि प्रेक्षकांच्या खांद्यावर बसून जातो तो दुसराच. ह्यात एक विश्वासाचा व्यवहार आहे, आणि मला तोच ह्या धंद्यातील सर्वांत खरा भाग वाटतो. मी माझी मान तुझ्या हाती देतो. ती मला शाबूत परत मिळाली पाहिजे.

ती नेहमीच शाबूत मिळते असे नाही. मिक फोली नावाचा मल्ल उमेदवारीच्या काळात न्यूयॉर्क राज्यातील कोर्टलँडहून पेनसिल्व्हेनियात डॉमिनिक डेनुची ह्या वस्तादाकडे शिकावयास मोटार हाकीत जाई आणि रात्री त्या मोटारीतच झोपे. १९८६ साली दूरचित्रवाणीवर हरण्यासाठी त्याला बोलावणे आले. प्रतिपक्षाच्या एका फटक्याने त्याचा जबडा असा दुखावला, की कित्येक आठवडे घट्ट अन्न चावता येईना. हाच फोली पुढे १९९९ च्या जानेवारीत जगज्जेता म्हणून मिरविला गेला. पण अशी उदाहरणे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. त्याच्याबरोबर मोटारीत झोपणारे बाकीचे कोठे गेले, ह्याची कोणी बखर लिहिलेली नाही.

पूर्वी ह्या मंडळींना एक आधार होता. १९४८ साली आयोवा राज्यातील वॉटर्लू येथे ठेकेदारांनी एक संघ स्थापिला आणि देशाचे प्रांत जणू वाटून घेतले. फिरस्ता मल्ल एका प्रांतात काही महिने राही, रोज निराळ्या गावी शेकडो मैल जाई, आणि लोकांना त्याचा कंटाळा आला की दुसऱ्या प्रांताचा रस्ता धरी. तेथे तो पुन्हा नवा! इकडचा हरकाम्या तिकडे चार आठवडे शूरवीर म्हणूनही खपे. आपल्या जुन्या नाटक मंडळ्यांतील, पडेल ती भूमिका करणाऱ्या नटासारखेच हे जिणे. सज्जन आणि खलनायक ह्यांनी एका मोटारीत बसावयाचे नाही, असा कडक दंडक होता. १९८७ साली न्यू जर्सीत आखाड्यातील दोन हाडवैरी एकाच गाडीत पोलिसांना सापडले, तेव्हा त्या अपराधापेक्षा सोबतीचाच बोभाटा अधिक झाला!

१९८४ च्या सुमारास एका कंपनीने केबल दूरचित्रवाणीच्या बळावर देशभर हातपाय पसरले आणि दशक संपता संपता बहुतेक प्रांत मोडले. २००१ साली तिचे दोन मोठे प्रतिस्पर्धीही संपले. उरलेले मल्ल लहान ठेकेदारांकडे वळले. शाळेची व्यायामशाळा, माजी सैनिकांचे सभागृह, एखादे गोदाम ही त्यांची मैदाने. २००२ साली फिलाडेल्फियात अशाच लहान सभागृहांतून ‘रिंग ऑफ ऑनर’ नावाची संस्था उभी राहिली आणि तिच्यातले काही मल्ल नामांकित झाले. इतरांच्या नशिबी मात्र रात्रीचे मोजके डॉलर. पेट्रोलचा खर्च निघावा म्हणून मध्यंतरात मेजावर आपलीच छायाचित्रे आणि सदरे मांडून बसावयाचे. सोमवारी पुन्हा कारखान्यात किंवा दुकानात हजर.

आणि दुखापत झाली तर? हे मल्ल कोणाचे नोकर नव्हेत, ते ‘स्वतंत्र कंत्राटदार’, असे कागदावर लिहिलेले असते. तेव्हा आजारीपणाची रजा नाही, निवृत्तिवेतन नाही, विम्याचा हप्ता ज्याचा त्याने भरावयाचा. मोठ्या कंपनीनेही हाच शिरस्ता ठेवला. २००८ साली तिघा मल्लांनी, आम्ही वस्तुतः नोकरच आहोत, असा दावा कनेक्टिकटमध्ये लावला. न्यायालयाने तो फेटाळला. मुदत टळल्याचे कारण पुढे आले, आणि ते नोकर की कंत्राटदार, हा मूळ प्रश्न तेथे सुटलाच नाही.

त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात जोन्स अँटिग्वा बेटावर वारला. २०१९ साली कंपनीने आपल्या सन्माननीयांच्या यादीत त्याचे नाव घातले. ते पाहावयास तो नव्हता.