रोमचें पाणी



प्राचीन रोमन लोकांविषयीं चार शब्द सांगावे अशी आम्हांस आज्ञा झाली आहे. रोम म्हटलें कीं डोळ्यांपुढें सीझर आणि त्याचें सैन्य उभें राहतें, श्वापदांपुढें लोटलेले रक्तसाक्षी उभे राहतात. आम्ही मात्र आज त्या शहराच्या पाण्याविषयीं बोलणार आहों. कारण रोमन मनाची ओळख आम्हांस तेथें अधिक पटली.

नगर वसल्यापासून ४४१ वर्षें रोमकर टायबर नदी, विहिरी व झरे यांवर आपली तहान भागवीत होते. ख्रिस्तपूर्व ३१२ मध्यें आपियस क्लॉडियस यानें पहिला पाट आणिला. पुढें ख्रिस्तपूर्व १४४ मध्यें मार्सिया नांवाच्या पाटाचें काम सुरू झालें. त्याची लांबी सुमारें ५७ मैल. यंत्र नाहीं, पंप नाहीं. केवळ उतार साधून डोंगराकडील पाणी शहरांत आणावयाचें. उतार फार झाला तर पाट झिजतो, कमी पडला तर गाळ सांचतो. चित्रांत दिसणाऱ्या उंच कमानी थोड्याच अंतरापुरत्या. बहुतेक काम जमिनीखालीं, कोणाच्या दृष्टीस न पडणारें.

पण कमानींपेक्षां आम्हांस एका अंमलदाराचें कौतुक अधिक. त्याचें नांव फ्राँटिनस. पूर्वीं ब्रिटनचा सुभेदार असलेल्या या गृहस्थास इ. स. ९७ मध्यें नर्व्हा बादशहानें पाण्याच्या खात्यावर मुख्य नेमिलें. हाताखालच्यांच्या सांगण्यावर कारभार हांकणें त्यास लाजिरवाणें वाटे. म्हणून त्यानें सर्व स्वतः पाहिलें व लिहून ठेविलें; तो ग्रंथ सुदैवानें आज उपलब्ध आहे.

दप्तर उघडून पाहतो तों जमा १२,७५५ क्विनारिया आणि वांटप १४,०१८! (क्विनारिया म्हणजे ठराविक तोंडाच्या नळींतून येईल तेवढें पाणी.) जमेपेक्षां खर्च अधिक, हें कोणत्या वाण्याच्या वहींत खपेल? त्यानें पाटांच्या मुखाशीं जाऊन मोजणी केली, तेव्हां दप्तरांतील आंकड्याहून सुमारें १०,००० क्विनारिया अधिक पाणी येत असल्याचें आढळलें. पाण्याचा वेग त्यास नीट हिशेबांत धरतां आला नाहीं, असें आजचे स्थापत्यकार म्हणतात, तें खरें. तथापि चोरी उघडकीस आली.

चोर घरचेच होते. खात्याचे गडी रस्त्याखालच्या शिशाच्या नळांस भोंकें पाडून दुकानदारांस पाणी विकीत. एखाद्या परवान्यास नवा धनी मिळाला म्हणजे टाकीस नवें भोंक पाडावें आणि जुनें आपल्या विक्रीसाठीं तसेंच ठेवावें, ही त्यांची युक्ति. वाटेवरचे शेतकरीहि पाट फोडीत. ज्यांच्या घरीं नळ नव्हता, आणि बहुतेकांच्या घरीं तो नव्हताच, त्यांना सार्वजनिक हौदांचा आधार. ही तूट अखेर त्यांच्याच घागरींत पडे.

फ्राँटिनसानें चोरटे नळ उखडून काढिले. परवान्याच्या नळाच्या मुखाशीं शिक्का मारलेली कांशाची नळी बसवावी असा नियम होता. शिसें मऊ, ठोकून रुंद करतां येतें. कांसें दाद देत नाहीं. अशा साध्या गोष्टींची त्याची बारकाई पाहून आम्हांस फार आनंद वाटतो.

पण येथें एक शल्यहि आहे. हे गडी म्हणजे गुलाम, एकंदर ७००. ज्याला स्वतःच्या देहावरहि सत्ता नाहीं, त्यानें सरकारी पाणी विकलें तर दोष कितपत त्याचा, हा प्रश्न फ्राँटिनस विचारीत नाहीं.

इ. स. ५३७ मध्यें गॉथ लोकांनीं वेढा घालून पाट तोडले. आंतून सेनापति बेलिसॅरियस यानेंहि त्यांचीं तोंडें बुजविलीं. कारण आदल्याच वर्षीं नेपल्स शहर त्यानें स्वतः पाटांतून माणसें घुसवून घेतलें होतें! पिठाच्या पाणचक्क्या बंद पडल्या, तेव्हां त्यानें टायबरच्या प्रवाहांत होड्यांवर चक्क्या बसविल्या.

पाटांपैकीं आग्रिपानें ख्रिस्तपूर्व १९ मध्यें आणिलेला व्हर्गो हा पोप पांचवे निकोलस यांनीं १४५३ मध्यें दुरुस्त करविला. १७६२ मध्यें पुरें झालेलें ट्रेव्हीचें कारंजें त्याच्याच पाण्यावर बांधलें आहे. रोमयात्रेस गेलेले लोक त्यांत नाणें टाकून येतात.