तीन कॅसेटी
(माजी विद्यार्थी मेळाव्यातील भाषण)



मी फुटबॉल कधी खेळले नाही. आपल्याकडे मुलींची टीमच नव्हती. त्यामुळे मी फुटबॉलवर बोलतेय याचं मागच्या बाकावरच्यांना हसू येतंय, ते इथूनही दिसतंय.

गेल्या दिवाळीत चंद्रपूरला आले तेव्हा पी.टी.च्या सरांनी तीन व्हीएचएस कॅसेटी माझ्या हातात दिल्या. आपल्या ज्युनिअर कॉलेजच्या १९९६च्या मॅचेस, लग्नाचं शूटिंग करणाऱ्या एका भाऊंनी काढलेल्या. ‘झुंड’मुळे नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजचे विजय बारसे सर सगळ्यांना कळले. आपल्या मैदानावर कोणी सिनेमा काढणार नाही. आहे ते एवढंच.

टेप म्हणजे प्लास्टिकच्या पट्टीवर चुंबकीय पावडरचा थर. आपला पावसाळा आणि बंद कपाट, त्यामुळे दोन कॅसेटींवर पांढरी बुरशी. ती तशीच लावली तर व्हीसीआरचं हेड बिघडतं आणि पुढची कॅसेटही नासते. शिवाय व्हीसीआर आणायचा कुठून? जपानच्या फुनाई कंपनीनं २०१६ मध्ये ते बनवणं थांबवलं. मला नागपुरात भंगारात मिळाला. आणि यात घाई चालत नाही, तासाच्या कॅसेटला तासच लागतो. युनेस्कोनं २०१९ मध्येच इशारा दिला होता, की २०२५ च्या सुमारास ही यंत्रं मिळणं मुश्कील होईल.

तिसरीवर फायनल आहे. हाफटाइमपर्यंत शून्य-शून्य. मग एकदम कुणाच्या तरी लग्नात मामा जिलेबी वाढताना! फायनलवरच लग्न टेप केलेलं. तो विजयी गोल कुणाचा, यावर या हॉलमधले दोघं तीस वर्षं भांडताहेत. पुरावा पंगतीखाली गेला.

मला जास्त टोचलं ते वेगळंच. दिसणाऱ्या निम्म्या मुलांची नावं मला येत नाहीत. अनवाणी पळणारा तो लेफ्ट विंगर, वसतिगृहातला, सिरोंच्याकडचा, बारावी न देताच गेला. सर म्हणाले, “थांब, सांगतो.” दोन दिवसांनी त्यांचा फोन आला, फक्त नाव सांगायला. सर आता ऐंशीचे आहेत. फाईल मी तीन ठिकाणी ठेवली आहे, पण नावं कुठल्याच सर्व्हरवर नाहीत.

जेवणानंतर दहावी ‘ब’च्या वर्गात लॅपटॉप लावते. सरही बसणार आहेत. ज्याला जो ओळखू येईल त्याचं नाव वहीत लिहा. चष्मे घेऊन या. गोलवाले दोघं मात्र वेगवेगळ्या बाकांवर बसा.