वीस वर्षांचं काम, एका रात्रीत

हा भाग दोन आठवडे उशिरा येतोय. त्याचं कारण सांगतो, आणि तिथूनच विषयाला हात घालतो.

गेल्या महिन्यात माझी हार्ड डिस्क गेली. गोदाघाट, पंचवटी, जुन्या नाशकातल्या गल्ल्या आणि वाडे यांची चार वर्षं काढलेली रेखाटनं स्कॅन करून त्यात ठेवली होती. मूळ कागद विचाराल, तर त्यातले निम्मे एका पावसाळ्यात भिजले, म्हणून तर स्कॅन केले होते! त्यात एक वाडा होता, तो आता जागेवरच नाही, पाडला. म्हणजे वाडाही गेला आणि त्याचं चित्रही गेलं. दोन दिवस कुणाशी धड बोललो नाही. मग एक माणूस आठवला, मेजर रॉबर्ट गिल.

एकोणिसाव्या शतकातला युरोपियन चित्रकार म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर कोण येतं? व्हॅन गॉग, मोने, देगास. मोबाईलच्या कव्हरवर सूर्यफुलं असतातच की. पण व्हॅन गॉग १८५३ मध्ये जन्मला, तेव्हा हा गिल आपल्या अजिंठ्यात येऊन नऊ वर्षं झाली होती. नाशिकहून गाडीनं पाच-सहा तासांवर. आणि तो करत काय होता? कॉपी. दुसऱ्यांनी काढलेल्या चित्रांच्या नकला.

थोडं मागचं सांगतो. २८ एप्रिल १८१९ ला जॉन स्मिथ नावाचा एक ब्रिटिश अधिकारी शिकारीला आला असताना त्याला ही लेणी दिसली. गावकऱ्यांना ती आधीपासून ठाऊक होती, पण इंग्रजी कागदपत्रांत तेव्हा आली. या स्मिथसाहेबांनी दहाव्या लेण्यातल्या चित्रावर स्वतःचं नाव आणि तारीख कोरून ठेवली. आज कुणी किल्ल्यावर बदाम काढून नाव कोरलं की आपण चिडतो, तर हा त्याचा मूळपुरुष समजा.

पुढं चित्रांचे पोपडे पडतायत, लोक तुकडे काढून नेतायत, अशी ओरड लंडनपर्यंत पोहोचली. ईस्ट इंडिया कंपनीनं ठरवलं की चित्रं नष्ट व्हायच्या आत त्यांच्या मोठ्या प्रतिकृती करून घ्यायच्या. १८४४ मध्ये हे काम मद्रास सैन्यातल्या रॉबर्ट गिलला मिळालं. तेव्हा तो चाळिशीचा. अजिंठा गावातल्या बारादरीत त्यानं मुक्काम टाकला आणि जवळजवळ सगळं उरलेलं आयुष्य या भागातच काढलं.

आता काम कसलं होतं ते बघा. आत अंधार, वटवाघळं, छताला मधमाश्यांची पोळी. चित्र भिंतीवर, खांबावर आणि डोक्यावर छतालाही. अजिंठ्याच्या चित्रकारांनी माती, शेण, भाताचा तूस असं कालवून गिलावा केला (गिलचा आणि गिलाव्याचा संबंध नाही), त्यावर चुन्याचा पातळ हात दिला आणि तो वाळल्यावर रंग लावले. गिल ते तैलरंगात, मोठमोठ्या कॅनव्हासवर उतरवतो. माध्यम वेगळं, उजेड अपुरा, आणि समोरच्या भिंतीवर निम्मा भाग गळून गेलेला. तुम्ही कधी एखाद्या जुन्या फोटोवरून पोर्ट्रेट केलं असेल तर कळेल. जिथं नाक पुसट झालंय तिथं तुम्ही नाक काढता की पुसट जागा काढता? हा प्रश्न त्याला रोज पडत असणार.

कॅनव्हास लंडनला जात राहिले. सुमारे तीस. सिडनहॅमच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये ते लोकांना बघायला मांडले. आणि ३० डिसेंबर १८६६ ला तिथं आग लागली. हाताच्या बोटांवर मोजता येतील एवढेच वाचले. बाकी सगळे राख.

ती बातमी अजिंठ्यात पोहोचली असेल, तो दिवस मी पुष्कळदा डोळ्यांसमोर आणायचा प्रयत्न करतो. माझ्याकडे निदान हार्ड डिस्कवाल्याचा फोन तरी होता, "होईल सर, बघतो" म्हणणारा.

गिलनं काय केलं? तो पुन्हा कॉपी करायला बसला. मधल्या काळात त्यानं कॅमेराही हाती घेतला होता. एकाच दृश्याचे दोन फोटो शेजारी ठेवून यंत्रातून बघायचे, म्हणजे खोली दिसते. तेव्हाचं थ्रीडी. त्याच्या अशा फोटोंची जेम्स फर्ग्युसनबरोबरची पुस्तकं १८६४ मध्ये निघाली. त्यामुळं आगीनंतर निदान फोटो उरले होते. पण फोटो काळेपांढरे. अजिंठ्याचा निळा रंग त्यात कुठून येणार?

त्याची दुसरी गोष्ट तुमच्यातल्या बऱ्याच जणांना माहीत असेल. पारो. ना. धों. महानोरांचं दीर्घकाव्य आणि नितीन देसाईंचा २०१२ चा 'अजिंठा' सिनेमा तिच्यावरच. सिनेमा सिनेमा असतो, पण अजिंठा गावात तिची कबर खरोखर आहे आणि त्यावर १८५६ हे साल आहे. तो दगड गिलनं बसवला. गिलची लग्नाची इंग्रज बायको होती, मुलं होती, हेही खरं. प्रेमकथा सांगताना आपण तेवढा भाग सोयीनं गाळतो. मला तसं गाळणं आवडत नाही. त्या बायकोच्या बाजूनं कुणी सिनेमा काढला नाही, एवढंच म्हणतो.

१८७९ मध्ये गिल वारला. त्याचं दफन भुसावळला झालं.

बरं, तो हयात असतानाच दुसरा माणूस कामाला लागला होता. जॉन ग्रिफिथ्स, वेल्सचा. १८६५ मध्ये तो मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकवायला आला. रुडयार्ड किपलिंगचे वडील लॉकवूड किपलिंगही त्याच वर्षी तिथं आले. आणि १८६५ मध्येच थळ घाटातून रेल्वे वर चढली. म्हणजे पुढं ग्रिफिथ्सच्या विद्यार्थ्यांना खानदेशाकडं जायला आपल्या नाशिकरोडवरून जाणारी लाईन तयार होती.

१८७२ ते १८८५, तेरा वर्षं, हिवाळे गाठून ग्रिफिथ्स आणि त्याचे जे. जे.चे विद्यार्थी अजिंठ्यात राबले. त्यातला ठळक माणूस म्हणजे पेस्तनजी बोमनजी, पुढं मुंबईचा नावाजलेला पोर्ट्रेट चित्रकार झाला. आता ग्रिफिथ्स हा युरोपियन शिक्षणातून आलेला, फ्लॉरेन्स आणि व्हेनिसच्या चित्रांवर डोळा तयार झालेला. सोळाव्या लेण्यातली ती मरणासन्न राजकन्या बघून त्यानं लिहिलं, त्याचा मथितार्थ असा की रेषा फ्लॉरेन्सवाले कदाचित सरस काढतील, रंग व्हेनिसवाले सरस लावतील, पण याहून जास्त भाव त्यांनाही आणता येणार नाही. तेव्हाचे इंग्रज हिंदुस्थानी कलेबद्दल काय काय बोलायचे ते आठवा, म्हणजे या वाक्याची किंमत कळेल. तासन्‌तास नक्कल केल्याशिवाय हे कळत नाही, असं माझं मत.

आणि मग? यांचे कॅनव्हासही लंडनला गेले, साउथ केन्सिंग्टनच्या म्युझियममध्ये. १८८५ मध्ये तिथंही आग लागली. पुष्कळ जळाले.

दोन आगी म्हटल्यावर अजिंठ्याचा शाप वगैरे बोलणारे व्हिडिओ तुम्हाला यूट्यूबवर मिळतील. मला त्यात दम वाटत नाही. तेल, कापड आणि लाकूड एका छपराखाली दाटीवाटीनं ठेवलं तर शाप लागत नाही, ठिणगी पुरते.

जे वाचलं त्यातून ग्रिफिथ्सचे दोन मोठे खंड १८९६-९७ मध्ये छापून आले. मुखपृष्ठावर नाव ग्रिफिथ्सचं. हिवाळेच्या हिवाळे भिंतीला नाक लावून बसलेल्या पोरांची नावं शोधावी लागतात. वाचलेले दीडशेच्या वर कॅनव्हास लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियमकडे आहेत, बरीच वर्षं अडगळीत पडून होते.

एक कडू गोष्टही सांगायला हवी. रंग उठून दिसावेत म्हणून याच कॉपी करणाऱ्यांनी मूळ भिंतींवर वॉर्निश लावलं. ते पुढं पिवळं पडलं. १९२० ते २२ मध्ये निजाम सरकारनं चेक्कोनी आणि ऑर्सिनी हे दोन इटालियन तज्ज्ञ आणले, त्यांनी चित्रं वाचवायला पुष्कळ केलं, पण लाखेचा थर दिला तोही काळवंडला. तेव्हा आज आपण पहिल्या लेण्यात पद्मपाणीसमोर उभे राहतो, तेव्हा चित्राबरोबर वाचवणाऱ्यांचे हातही बघत असतो. आणि काही जागा अशा, की भिंतीवरचा भाग गळून गेलाय आणि तो फक्त त्या वाचलेल्या कॅनव्हासवर शिल्लक आहे. नक्कल अस्सल होऊन बसली.

माझी हार्ड डिस्क? अकरा फायली निघाल्या. त्या पाडलेल्या वाड्याची त्यात नाही. त्याची चौकट आणि चौकातली तुळस आठवणीतून परत काढतोय, तिसरा कागद चालू आहे.

अजिंठ्याला जाणार असाल तर सोमवारी जाऊ नका, बंद असतं. आत फ्लॅश मारू नका. आणि आपले भुसावळचे कुणी ऐकत असतील, तर गिलच्या कबरीजवळ एकदा जाऊन या, ती आता कशी आहे ते मला कळवा. भेटू पुढच्या रविवारी.