ज्ञानकोशातील अल्गोरिदम : सुबोधता आणि अचूकता

२००१ साली सुरू झालेल्या विकिपीडिया या मुक्त ज्ञानकोशाच्या संपादकांत एक वाद वारंवार उद्भवतो : अल्गोरिदम स्यूडोकोडमध्ये, म्हणजे साध्या भाषेतील पायऱ्यांत, मांडावा की प्रत्यक्ष संगणकीय भाषेत? क्रमवार लावलेल्या १००० नावांतील एक नाव यादी निम्मी-निम्मी करीत फार तर १० तुलनांत सापडते. स्यूडोकोडमुळे हे तत्त्व सर्वांना उमगते. आज्ञावली मात्र चालवून पडताळता येते. ‘दोन टोकांच्या क्रमांकांची बेरीज भागिले दोन’ ही निर्दोष भासणारी पायरी जावा भाषेत अतिप्रचंड यादीसाठी चुकते, कारण बेरीज पूर्णांकाची मर्यादा ओलांडते, हे २००६ मध्ये निदर्शनास आले. म्हणून तत्त्वासाठी स्यूडोकोड, मर्यादा दाखविण्यासाठी आज्ञावली आणि, स्वतःचे नवे संशोधन तेथे वर्ज्य असल्याने, दोहोंना विश्वसनीय संदर्भ, हाच समतोल वाचकांच्या हिताचा ठरतो.